न टिकणाऱ्या कामाचं मोल

पेण तालुक्यातल्या हमरापूर, जोहे, कळवे या गावांत गणपतीचे कारखाने वर्षभर चालू असतात. अनंत चतुर्दशी उलटली की थोडी उसंत मिळते आणि मग पुढच्या भाद्रपदाची तयारी सुरू होते. साच्यातून काढलेली मूर्ती सावलीत वाळवायची, सांधे आणि तडे बुजवायचे, पॉलिश पेपरने घासायची, पांढरा रंग द्यायचा, मग अंगाचा रंग, पितांबर, दागिने आणि सगळ्यांत शेवटी डोळे. डोळ्यांच्या रेखणीचं काम कारखान्यात सरसकट कुणाच्याही हाती देत नाहीत. बुबुळाची रेघ केसभर सरकली तरी मूर्तीची नजर भलतीकडे जाते आणि समोर उभ्या माणसाला ती आपल्याकडे बघते आहे असं वाटत नाही. रेखणारा कारागीर श्वास धरून ब्रश टेकवतो, एका फटक्यात वरच्या पापणीची कमान ओढतो आणि पुढच्या मूर्तीकडे वळतो. अशा लाखो मूर्ती इथून ट्रकने मुंबई-पुण्याला आणि काही महिने आधीच बोटीने परदेशातल्या मराठी घरांकडे रवाना होतात. त्यांतल्या कित्येक दीड दिवसाने पाण्यात जातात. ज्या कामाचा शेवट आधीपासून ठरलेला आहे त्याच्यावर माणसाने इतका जीव का लावावा, आणि लावला तर त्याचं मोल कशाने मोजावं?

या प्रश्नाला दोन तयार उत्तरं मिळतात. भाविक म्हणतो, मूर्ती गेली तरी भक्ती उरते, मातीचं काय एवढं. हिशेबी माणूस म्हणतो, मूर्ती विकली गेली की कारागिराचं काम संपलं, पुढे ती दीड दिवस राहो नाहीतर दीडशे वर्षं. दोघांची तोंडं विरुद्ध दिशांना असली तरी एका बाबतीत त्यांचं एकमत आहे. घडवण्याच्या क्रियेला स्वतःचं असं मोल दोघेही देत नाहीत. एकाच्या लेखी ती भक्तीचं साधन, दुसऱ्याच्या लेखी पैशाचं. माझं म्हणणं असं की काम करतानाच त्या कामाचं मोल पूर्ण होतं आणि घडवलेली वस्तू पुढे किती काळ टिकली यावर ते ठरत नाही. मात्र हे गणपतीच्या मूर्तीवरून सांगू गेलं तर श्रद्धा मध्ये येते. मूर्तीत देव होता म्हणून सारं सार्थकी लागलं, असं कुणीही म्हणेल आणि विषय तिथेच मिटेल. म्हणून जिथे प्राणप्रतिष्ठा नाही, उत्तरपूजा नाही, पुण्याचा हिशेब नाही, असं उदाहरण घेऊन हा विचार तपासला पाहिजे. टेडी वेदरफर्ड या जॅझ पियानोवादकाचं आयुष्य मला त्यासाठी योग्य वाटतं. पेण आणि रोह्याशी त्याचा काही संबंध नव्हता. पण या दोन तालुक्यांत जन्मलेल्या विनोबा भावे आणि पांडुरंगशास्त्री आठवले या दोन माणसांनी गीतेचा जो कर्मविचार मांडला, त्याची परीक्षा घ्यायला असा परका माणूसच बरा.

वेदरफर्डचा जन्म 1903 सालचा, अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्यात पोकाहोंटास नावाच्या गावातला. मुलगा कृष्णवर्णीय. पुढे तो न्यू ऑर्लिन्सला गेला, तिथे पियानोवर जॅझ शिकला आणि विशीत शिकागोला पोचला. मूकपटांच्या थिएटरमध्ये वाजणाऱ्या अर्स्किन टेट यांच्या ऑर्केस्ट्रात तो पियानोवर बसायचा. त्याच ऑर्केस्ट्रात काही काळ लुई आर्मस्ट्राँग होता. 1926 च्या मे महिन्यात या ऑर्केस्ट्राची एक रेकॉर्ड निघाली, दोन बाजूंची, आणि तिच्यात आर्मस्ट्राँग व वेदरफर्ड दोघांचंही वादन आहे. शिकागोतल्या पियानोवादकांत तेव्हा त्याचा दरारा होता. त्याच वर्षी तो एका बँडबरोबर आशियाकडे निघाला. शांघाय, मनिला अशी बंदरं करत तो वाजवत राहिला. 1934 मध्ये अमेरिकेला परतला तो बक क्लेटन या ट्रम्पेटवादकाचा बँड शांघायला न्यायला. 1930 च्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात क्रिकेट स्मिथ यांच्या बँडमध्ये आणि नंतर स्वतःच्या बँडसह तो पियानोवर होता. पुढे कोलंबो आणि युद्धाच्या वर्षांत कोलकात्याचं ग्रँड हॉटेल. तिथेच 25 एप्रिल 1945 रोजी कॉलऱ्याने त्याचा मृत्यू झाला. वय 41.

त्याच्याच वयाचा अर्ल हाइन्स 1920 च्या दशकात शिकागोला आला. 1903 मध्येच जन्मलेला, तोही पियानोवादक, तोही आर्मस्ट्राँगचा सोबती. हाइन्स तिथेच राहिला. 1928 मध्ये आर्मस्ट्राँगबरोबर त्याने ध्वनिमुद्रित केलेल्या रेकॉर्ड आज जॅझ शिकणारा प्रत्येकजण ऐकतो. तो ऐंशीच्या उंबरठ्यापर्यंत जगला आणि आधुनिक जॅझ पियानोचा जनक म्हणून त्याचं नाव कायम झालं. वेदरफर्डच्या वाट्याला इतिहासात तळटीप आली. अमेरिकेत जॅझ धडाक्याने रेकॉर्ड होऊ लागला तेव्हा तो हजारो मैल दूर, हॉटेलांच्या नाचघरांत रोज रात्री वाजवत होता. टिकण्यावरच मोल ठरत असेल तर हाइन्सने आयुष्य सत्कारणी लावलं आणि वेदरफर्डने ते उधळलं, असं म्हणावं लागेल. अनेक इतिहासकारांच्या लिहिण्यात हा सूर असतोच. तो बरोबर आहे का, हे ठरवण्यासाठी आधी या वादनात नेमकं काय घडतं ते जवळून बघायला हवं.

त्या काळच्या जॅझ पियानोच्या ढंगाला स्ट्राइड म्हणतात. चार मात्रांचं एक घर धरलं तर त्यात पहिल्या आणि तिसऱ्या मात्रेला डावा हात खर्जातला सूर घेतो आणि दुसऱ्या व चौथ्या मात्रेला तिथून झेप घेऊन मधल्या सप्तकातले तीन-चार सूर एकदम दाबतो. पुन्हा खाली, पुन्हा वर. द्रुत लयीत ही ये-जा डोळ्यांना दिसतसुद्धा नाही, आणि वादकाने तिकडे बघून चालतही नाही, कारण लक्ष उजव्या हाताकडे हवं. उजवा हात मूळ चाल घेतो, मोडतो, तिच्या सुरांमध्ये दुसरे सूर भरतो, ती मागेपुढे सरकवतो. लोकप्रिय गाणी बहुधा बत्तीस घरांची असत. बत्तीस घरं संपली की आवर्तन पुन्हा सुरू, आणि प्रत्येक आवर्तनात उजव्या हाताने काहीतरी नवं सांगायचं. ख्याल ऐकणाऱ्या मराठी रसिकाला हे वेगळं समजावून सांगायला नको. बंदिश ठरलेली, ताल ठरलेला, आणि उपज त्या क्षणाची. समेवर येताना गायकाने आत्ता जी तान घेतली ती काल नव्हती आणि उद्याही तशीच्या तशी येणार नाही. फरक एवढाच की आपल्या मैफलीत श्रोता ती तान ऐकायला बसलेला असतो. ताजच्या नाचघरात बहुतेक लोक नाचत होते, जेवत होते, गप्पा मारत होते.

रेकॉर्डचं म्हणाल तर 78 फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटं मावत. नाचघरात दहा दहा मिनिटं चालणारी गोष्ट स्टुडिओत तीन मिनिटांत आटपावी लागे. वेदरफर्डने 1937 मध्ये पॅरिसला एकट्याने काही रेकॉर्ड दिल्या, भारतात त्याच्या बँडच्या काही निघाल्या. पण हे सारं जमवून काही तास भरतील. शिकागोपासून कोलकात्यापर्यंतच्या वीसेक वर्षांच्या रात्री एका बाजूला आणि हे काही तास दुसऱ्या बाजूला. जे वाजलं त्याचा अगदी किरकोळ अंश उरला आहे, आणि उरलेला अंश सर्वांत चांगला होता असं मानायलाही आधार नाही. तीन मिनिटांच्या सक्तीत वाजवलेलं ते आहे.

आता गागोद्याकडे वळतो. पेण तालुक्यातलं हे छोटं गाव. विनायक नरहरी भावे, म्हणजे विनोबा, इथे 11 सप्टेंबर 1895 रोजी जन्मले. त्यांच्या बालपणीच्या आठवणींत आजोबा शंभूराव येतात. आजोबा गणेश चतुर्थीला चंदन उगाळून त्याचा गणपती घडवत आणि घरातली पोरं चंदन उगाळायला बसत. मग पूजा, आरत्या, आणि शेवटी विसर्जन. स्वतः हातांनी उगाळलेलं, स्वतः घडताना पाहिलेलं आपल्याच हातांनी पाण्यात सोडायचं. आवाहन करायला शिकवणारा धर्म विसर्जन करायलाही शिकवतो, हा विनोबांनी त्यातून घेतलेला धडा. पुढे त्यांनी गीतेतल्या कर्मविचाराचा जो अर्थ लावला त्याचं बीज मला इथे दिसतं.

तो अर्थ त्यांनी धुळ्याच्या तुरुंगात सांगितला. 21 फेब्रुवारी ते 19 जून 1932 या काळात दर रविवारी एक याप्रमाणे अठरा अध्यायांवर अठरा प्रवचनं झाली. ऐकणारे सत्याग्रही कैदी होते आणि साने गुरुजी लिहून घेत होते. त्यांतलं कर्म, विकर्म आणि अकर्म यांचं विवेचन हे विनोबांचं स्वतःचं आहे. विकर्म म्हणजे निषिद्ध कर्म असा जुन्या भाष्यकारांचा कल. विनोबांनी त्याचा अर्थ आतलं, मनाचं, विशेष कर्म असा घेतला. बाहेरच्या कर्माला आतून चित्ताची जोड मिळाली की कर्माचा भार नाहीसा होतो. करूनही न केल्यासारखी जी अवस्था येते ती अकर्म. नुसतं बाहेरचं कर्म राहिलं तर ते यांत्रिक होतं, शीण देतं. नुसतं आतलं राहिलं तर ते हवेत विरतं. या मांडणीत फळाला जागा आहे, पण ती कर्माच्या बाहेर आहे. फळ आलं किंवा न आलं, टिकलं किंवा न टिकलं, त्याने कर्म आणि विकर्म यांच्या मिलाफात काही भर पडत नाही की उणंही होत नाही.

वेदरफर्डच्या मनात काय चाललं होतं ते सांगण्याचा अधिकार कुणालाच नाही, आणि त्याला गीतेचा साधक ठरवण्याचा माझा हेतू नाही. पण त्याच्या कलेचा प्रकारच असा आहे की विनोबांचं म्हणणं त्यात डोळ्यांना दिसतं. वर्षानुवर्षांच्या रियाजाने डावा हात तयार होतो, हे बाहेरचं कर्म. तो इतका तयार व्हावा लागतो की त्याचा विचारही करावा लागू नये. तसा तो झाला तरच उजव्या हाताला मोकळीक मिळते. आणि उजवा हात जे करतो ते चित्त हजर नसेल तर शक्यच नाही. पाठ केलेलं वाजवताना मन दुसरीकडे भटकलं तरी बोटं धकवून नेतात. त्या क्षणी सुचलेलं वाजवताना मन भटकलं की वादनच थांबतं, किंवा नुसती घिसीपिटी वाक्यं येऊ लागतात, आणि सोबतच्या वादकांना ते लगेच कळतं. म्हणजे उत्स्फूर्त वादन विकर्माशिवाय उभंच राहत नाही. ते घडलं याचा अर्थ मन तिथे होतं. मग त्या वादनाचं मोल मोजायला रेकॉर्ड कशाला हवी? रेकॉर्ड आपल्याला हवी असते. त्या कर्माला तिची गरज नसते.

इथे पहिला आणि सर्वांत रोकडा आक्षेप येतो. साने गुरुजींनी लिहून घेतलं नसतं तर धुळ्याची प्रवचनं हवेत गेली असती. तुम्ही विनोबांचा आधार घेता तो छापील पुस्तकामुळे, आणि वेदरफर्डबद्दल बोलता ते त्या थोड्या रेकॉर्डमुळे. टिकलेल्याच्या जोरावर न टिकलेल्याचं गुणगान चाललं आहे. आक्षेपाचा अर्धा भाग मान्य करायलाच हवा. टिकवणं हे पुण्याचं काम आहे, आणि साने गुरुजींची लेखणी त्या तुरुंगात नसती तर महाराष्ट्र एका मोठ्या ठेव्याला मुकला असता. पण मुकला असता तो महाराष्ट्र. रविवारी दगडी भिंतींच्या आत बसून ज्या कैद्यांनी ते ऐकलं त्यांचं काही कमी झालं नसतं, आणि बोलणाऱ्याचंही नाही. आपण दोन प्रश्न एकमेकांत मिसळतो. ते काम मोलाचं होतं का, हा एक. ते आपल्यापर्यंत पोचलं का, हा दुसरा. दुसऱ्याचं उत्तर नाही आलं म्हणून पहिल्याचंही नाही असं ठरवणं म्हणजे जगातल्या सगळ्या मोलाचा मालक मागून येणारा वाचक-श्रोता आहे असं मानणं. यात मला एक सूक्ष्म अहंकार दिसतो. विनोबांचंच दुसरं काम याच्या शेजारी ठेवून पाहा. 'गीताई' त्यांनी शब्द शब्द तोलून, पुन्हापुन्हा दुरुस्त करून रचली, कारण ती पाठ होऊन पिढ्यान्‌पिढ्या म्हटली जावी अशी रचना होती. प्रवचनं समोरच्या कैद्यांकडे बघत सांगितली. एकाच माणसाने टिकण्यासाठी एक काम केलं आणि त्या वेळेपुरतं दुसरं केलं. दोन्हींत त्याचं चित्त सारखंच हजर होतं हे वाचणाऱ्याला कळतं.

दुसरा आक्षेप अधिक खोल आहे आणि तो आपल्याच परंपरेतून येतो. वेदान्ताची पहिली पायरी नित्यानित्यविवेक. जे बदलतं, संपतं ते अनित्य, आणि साधकाने त्यातून मन काढून नित्यावर लावावं. विसर्जनाचा अर्थ त्या दृष्टीने एकच: अनित्याची आसक्ती सोड. असं असताना अनित्याच्या घडवणुकीचं कौतुक करणं म्हणजे धडा उलटा वाचणं होय. या आक्षेपाला मी फार मान देतो, कारण विसर्जनाच्या नावाखाली जी नुसती मौजमजा चालते तिच्यावर तो नेमका बोट ठेवतो. तरी तो मला पूर्ण पटत नाही. अनित्यावर आपल्या सुखाची भिस्त ठेवू नये, हे विवेकाचं म्हणणं. अनित्य काम बेफिकिरीने करावं, असं तो कुठेही सांगत नाही. आणि महाराष्ट्राला या बाबतीत शांकर मायावादावरच थांबायचं कारण नाही. 'अमृतानुभवा'त ज्ञानेश्वरांनी अज्ञानाचं खंडन करून जग हा चैतन्याचा विलास आहे असं मांडलं. दिसणारं जग हा भ्रम असून पुसून टाकायचा आहे, अशी त्यांची भूमिका नाही. एकच वस्तू द्रष्टा आणि दृश्य होऊन प्रकटते, हे त्यांचं सांगणं. या दृष्टीने पाहिलं तर जे प्रकटलं आणि विरलं त्याचं प्रकटणं खोटं ठरत नाही. क्षण संपला म्हणून तो क्षण नव्हता असं होत नाही. रेखणी झालेल्या डोळ्यांत त्या कारागिराची एकाग्रता होती ही गोष्ट मूर्ती विरघळल्यावरही खरीच राहते. ते घडून गेलं आहे, आणि घडून गेलेलं कुणालाच न घडलेलं करता येत नाही.

तिसरा आक्षेप ऐकायला साधा आहे, पण त्याच्यामागे बराच राग असतो. कुठे गणपती, कुठे गीता आणि कुठे साहेबांच्या आणि संस्थानिकांच्या नाचघरातला पियानो! दारूच्या पेल्यांच्या खणखणाटात पगारी वाजवणाऱ्याला कर्मयोगाच्या पंक्तीला बसवणं हा गीतेचा अवमान नाही का? मला वाटतं, या प्रश्नाचं उत्तर वारकरी संतांनी कधीच देऊन ठेवलं आहे. गोरा कुंभार चिखल तुडवत, सावता माळी मळा शिंपत, सेना न्हावी हजामत करत तिथे पोचले जिथे पोथ्या घेऊन बसलेले पोचले नाहीत, आणि विनोबांनीही कर्मयोग सांगताना हीच नावं घेतली. कामाची जागा पवित्र असावी लागत नाही. वेदरफर्ड ज्या देशात जन्मला तिथल्या बऱ्याच हॉटेलांत कृष्णवर्णीय माणसाला पाहुणा म्हणून दार बंद होतं, हेही आक्षेप घेणाऱ्याने लक्षात ठेवावं. नाचघर त्याने चैनीसाठी निवडलं नव्हतं. त्याची कला जिथे पोट भरून जगू शकत होती ती जागा तेवढीच होती.

रोह्यातून आलेला विचार याच ठिकाणी उपयोगी पडतो. पांडुरंगशास्त्री आठवले यांचा जन्म रोह्याचा, 19 ऑक्टोबर 1920 चा. मुंबईत माधवबागेच्या श्रीमद् भगवद्गीता पाठशाळेत त्यांनी अनेक दशकं प्रवचनं दिली आणि त्यातून स्वाध्याय परिवार उभा राहिला. माणसाच्या अंगी जे कौशल्य आहे तेच देवाला वाहावं, हा त्यांच्या कृतिभक्तीचा गाभा. योगेश्वर कृषीत गावातले शेतकरी आळीपाळीने काही दिवस एका सामाईक शेतात राबतात, आणि तिथे राबणारा मजूर नसतो, पुजारी असतो. मत्स्यगंधा नावाच्या बोटींवर कोळी बांधव याच रीतीने पाळी देतात. येणारं पीक किंवा मासळी कुणा एकाची नसते. कोणत्या ओंबीत कुणाचा घाम आहे हे शोधता येत नाही आणि शोधायचंही नसतं. एवढ्यावरून असं दिसतं की नांगर धरणं आणि जाळं टाकणं ही पूजा होऊ शकते असं मानणारी परंपरा रोह्याच्या माणसाने आपल्या काळात जिवंत केली. मग पियानो वाजवणं त्यातून वगळायला कोणतं शास्त्र आहे?

चौथा आक्षेप मला स्वतःला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. तो म्हणतो, वेदरफर्डचं वादन नष्ट झालं हेच खरं नाही. त्याच्या आणि ताजमध्ये वाजवणाऱ्या इतर कृष्णवर्णीय अमेरिकनांच्या सहवासात मुंबई-कोलकात्यातल्या वादकांची एक पिढी तयार झाली. गोव्याचे, अँग्लो-इंडियन, पारशी वादक ते ऐकत, त्यांच्याबरोबर वाजवत मोठे झाले. त्यांतले कित्येकजण पुढे हिंदी चित्रपटांच्या ऑर्केस्ट्रात गेले. आल्डोनाचे चिक चॉकलेट पुणतांब्याच्या सी. रामचंद्र यांचे सहायक झाले आणि 1951 च्या 'अलबेला'मधून जॅझचा तो झोक मराठी घराघरांतल्या रेडिओवर वाजला. दार्जिलिंगला जन्मलेल्या लुई बँक्स यांचे वडील त्याच 1940 च्या दशकात कोलकात्यात ट्रम्पेट वाजवत होते. त्यांनी मुलाचं नाव आर्मस्ट्राँगवरून ठेवलं. तो मुलगा मुंबईत देशातला अग्रगण्य जॅझ पियानोवादक झाला, आणि 1988 मध्ये दूरदर्शनवर आलेल्या 'मिले सुर मेरा तुम्हारा'च्या संगीतयोजनेत त्याचा हात होता. म्हणजे टिकलंच की! मग न टिकण्याचं तत्त्वज्ञान कशाला?

टिकलं, हे खरं. पण कोणाचं म्हणून टिकलं? 'अलबेला'च्या गाण्यावर पाय हलवणाऱ्या रोह्यातल्या किंवा पेणमधल्या माणसाला वेदरफर्ड हे नाव ठाऊक असण्याची शक्यता शून्य. त्या ठेक्यातला कोणता अंश त्याचा, कोणता क्रिकेट स्मिथचा आणि कोणता नाचणाऱ्या पायांनी दिलेला, हे शोधणं योगेश्वर कृषीतल्या ओंबीइतकंच अशक्य आहे. फळ आलं, पण त्याच्यावर कर्त्याचं नाव नव्हतं. गीता फळाचा त्याग करायला सांगते म्हणजे फळ येऊ नये असं सांगत नाही. आलेल्या फळावर हक्क सांगू नये एवढंच तिचं म्हणणं. मरणानंतर असा हक्क सांगायला माणूस उरतच नाही, पण जिवंतपणीच ज्याचं वादन रोज रात्री दुसऱ्यांच्या पायांत आणि कानांत विरत होतं, त्याच्या बाबतीत हा त्याग कलेच्या स्वभावातच होता. त्यामुळे हा आक्षेप माझ्या म्हणण्याला छेद देत नाही. तो त्याला पुरावा पुरवतो. मात्र मी हा पुरावा मुख्य मानणार नाही. समजा एकही गोवेकर वादक त्याच्याजवळून काही शिकला नसता, तरीही ताजमधली ती आवर्तनं मोलाचीच होती.

हे सारं मान्य केलं तर त्यातून एक अवघड गोष्ट निघते, आणि ती पेणच्या कारखान्यांत जाऊन भिडते. प्लास्टर ऑफ पॅरिसची, म्हणजे पीओपीची, मूर्ती पाण्यात विरघळत नाही. विसर्जनानंतर किनाऱ्यावर आणि नदीकाठी ती अर्धवट मोडलेली, डोळे शाबूत असलेली पडून राहते. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने 2020 च्या मे महिन्यात या मूर्तींवर बंदीची मार्गदर्शक तत्त्वं काढली. 2025 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने आधी त्यांची काटेकोर अंमलबजावणी करायला सांगितलं आणि जूनमध्ये मूर्ती घडवायला मुभा दिली, पण नैसर्गिक पाण्यात विसर्जनाला न्यायालयाच्या परवानगीशिवाय मनाई ठेवली. या सगळ्यात पेणचे मूर्तिकार हवालदिल झाले, आणि त्यांचं म्हणणं रास्त आहे. पीओपी पटकन सुकतं, हलकं असतं, दूरच्या प्रवासात सहजी फुटत नाही. शाडूची माती लांबून आणावी लागते, सावकाश वाळते, तडकते, वजनाला भारी पडते. पीओपीमुळे इथल्या हजारो हातांना काम मिळालं. पण विसर्जनाच्या विधीचा अर्थ लक्षात घेता टिकणारी गणेशमूर्ती ही अडचण आहे, हेही तितकंच खरं. जी गोष्ट विरण्यासाठी घडवली ती विरली पाहिजे.

म्हणून शाडू हवी, हे ठीक. तिचा भार मात्र आजवर कारागिरावर टाकला गेला आहे. कर्मयोगाचा आपल्याकडे झालेला सर्वांत मोठा दुरुपयोग हाच की फळाची अपेक्षा धरू नकोस हे वचन फळ खाणाऱ्यांनी राबणाऱ्यांना ऐकवलं. गीता ते कर्त्याला त्याच्या स्वतःच्या मनासाठी सांगते. काम करवून घेणाऱ्याला तिने अशी सवलत कुठेही दिलेली नाही. उलट, मोल वस्तूच्या टिकण्यात नसून घडवण्यात आहे असं आपण खरोखर मानत असू, तर पैसेही घडवण्याचेच मोजले पाहिजेत: वाळवण्यात गेलेल्या दिवसांचे, तडकून वाया गेलेल्या मूर्तींचे, डोळे रेखणाऱ्या हाताचे. दीड दिवसाचा तर गणपती, एवढे कशाला द्यायचे, असं म्हणणाऱ्याने दीड तासाच्या मैफलीचं तिकीट काढताना हा हिशेब केलेला नसतो. तेव्हा येत्या वर्षी पेणहून मूर्ती आणणार असाल तर शाडूची मागा, आकाराने लहान मागा, होळीच्या आधी नोंदवा म्हणजे तिला सावलीत वाळायला वेळ मिळेल, आणि मूर्तिकार जी किंमत सांगेल तिच्यात घासाघीस करू नका.